मीडियम वेव्ह, समुद्र आणि आपलं रत्नागिरी केंद्र

खाडीपलीकडे:

रेडिओच्या आठवणींचे धागे इथे अधूनमधून निघतातच आणि तिसऱ्या प्रतिसादापर्यंत सिलोन, बिनाका आणि अमीन सयानींवर जाऊन पोचतात. त्याबद्दल तक्रार नाही, मीही त्यातलाच. पण रत्नागिरी आकाशवाणीबद्दल कुणी दोन ओळींच्या वर लिहीत नाही. "हो हो, आमच्याकडे लागायचं" म्हणायचं आणि पुढे सरकायचं. म्हणून हा वेगळा धागा. सिलोनवाल्यांनी कृपया आपली चूल दुसरीकडे मांडावी.

आधी थोडं मागचं. मुंबईला इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचं केंद्र २३ जुलै १९२७ ला सुरू झालं. कंपनी तीन वर्षांत बुडाली, सरकारनं कारभार हाती घेतला आणि १९३६ मध्ये त्याचं ऑल इंडिया रेडिओ झालं. पुण्याला केंद्र आलं १९५३ मध्ये, सांगलीला १९६३ मध्ये. कोकणाचा नंबर लागायला आणखी बराच वेळ गेला. तोवर इथल्या माणसाला रेडिओ म्हणजे मुंबई, नाहीतर गोवा. आणि गोवा म्हणजे १९६१ पर्यंत पोर्तुगिजांचं एमिसोरा दी गोवा, त्यानंतर आकाशवाणी पणजी.

मधल्या काळात खुद्द तळकोकणात एक केंद्र होऊन गेलं, तेही चोरून. २५ नोव्हेंबर १९५५ पासून गोवामुक्तीसाठीचं गुप्त रेडिओ केंद्र आंबोलीच्या जंगलातून बोलायला लागलं. वामन सरदेसाई आणि लिबिया लोबो ते चालवत, पोर्तुगीज आणि कोंकणीतून. पुढे ते कॅसलरॉकच्या बाजूला हललं आणि डिसेंबर १९६१ पर्यंत चाललं. गोवा मुक्त झाल्यावर दोघांनी विमानातून भोंग्यावर ती बातमी सांगत गोव्यावर फेरी मारली. नंतर त्यांनी लग्नही केलं. लिबियाबाईंना २०२५ मध्ये पद्मश्री जाहीर झाली. आंबोलीचा धबधबा बघायला आणि भजी खायला जी गर्दी लोटते, तिच्यातल्या कितीजणांना हे ठाऊक असेल?

रत्नागिरीचं केंद्र आलं सत्तरच्या दशकात. मीडियम वेव्ह, ११४३ किलोहर्ट्झ, ताकद वीस किलोवॅट. सिंधुदुर्ग जिल्हा १ मे १९८१ ला वेगळा झाला, म्हणजे केंद्र आलं तेव्हा मंडणगडपासून बांद्यापर्यंत सगळा एकच जिल्हा होता. एवढ्या लांबुडक्या जिल्ह्याला एक मनोरा.

आमच्या घरात सकाळ रेडिओच्या हिशोबानं चालायची. सहा पंचावन्नला "इयम् आकाशवाणी" झालं की आजोबा पंचा गुंडाळून विहिरीकडे निघत. सात पाचला पुण्याच्या प्रादेशिक बातम्या, तोवर चहा. साडेआठला दिल्लीच्या मराठी बातम्या लागल्या आणि आम्ही अजून घरातच असलो तर शाळेला उशीर झाला हे नक्की. हे सगळं बाहेरून आलेलं, रत्नागिरीनं नुसतं पुढे धाडलेलं. रत्नागिरीचं स्वतःचं म्हणजे बागायतदारांसाठी दापोलीच्या कृषी विद्यापीठातल्या तज्ज्ञांची बोलणी, जाखडी आणि नमन या इथल्या लोककला, भजनं, स्थानिक लेखकांच्या श्रुतिका आणि दर्यावर्दी लोकांसाठी हवामान. मोहोरावर तुडतुडे आले की काय फवारायचं आणि भुरी दिसली तर काय, हे आमच्या वाडीत पहिल्यांदा रेडिओवरून कळलं. कीटकनाशकाच्या दुकानदाराला ते फारसं आवडलं नव्हतं.

माझं म्हणणं एवढंच आहे की हे केंद्र इथे टिकलं, लोकांना हवंसं झालं, यात कार्यक्रमांइतकाच मीडियम वेव्हचा हात आहे. ही लहर जणू आपल्या किनाऱ्यासाठीच केलेली. आज सगळीकडे एफएमचं कौतुक चाललंय, पण कोकणाच्या भूगोलाला एफएम मानवत नाही. तांत्रिक बाजू माझ्यापेक्षा सडेकर नीट सांगतील, आहेत का इथे?

आणि मुख्य विनंती: कुणाकडे त्या वेळच्या टेप, कॅसेट, ध्वनिचाचणीची पत्रं, 'आपली आवड' या फर्माइशी गाण्यांच्या कार्यक्रमात नाव आलं म्हणून जपलेलं काही असेल तर लिहा.


सडेकर:

आहे आहे. हाक मारलीत म्हणून सविस्तर लिहितो, कंटाळा आला तर पुढचा प्रतिसाद वाचा.

मीडियम वेव्ह दिवसा जमिनीला धरून चालते. खालची जमीन जितकी वीजवाहक, तितकी ती लांब जाते. आपला जांभा दगड या बाबतीत अगदीच दरिद्री. उलट समुद्राचं खारं पाणी कोरड्या जमिनीच्या शेकडो, कधी हजारो पट वीजवाहक. त्यामुळे रत्नागिरीतून निघालेली लहर पूर्वेला सह्याद्रीकडे जाताना लवकर दमते आणि पश्चिमेला पाण्यावरून जाताना दमतच नाही म्हणा ना. लांज्याच्या आतल्या बाजूला ज्या केंद्राची खरखर होते, तेच किनाऱ्यापासून पार बाहेर गेलेल्या होडीत स्वच्छ लागतं. हा काही चमत्कार नाही, मिठाचा गुण आहे.

मीडियम वेव्हचा मनोरा नुसता एरियल टांगायचा खांब नसतो, तो अख्खा मनोराच एरियल. ११४३ म्हणजे साधारण २६२ मीटरची लहर, तिच्या पाव भागाइतका मनोरा धरला तरी पासष्ट मीटर. आणि अर्धं काम जमिनीखाली असतं. मनोऱ्याच्या पायथ्यापासून चहूकडे तांब्याच्या तारा पुरलेल्या असतात, जमिनीचा वाईटपणा झाकायला.

एफएमचं तंत्र वेगळं. ती सरळ रेषेत जाते, मध्ये डोंगर आला की संपलं. आता आपली गावं बघा. वर सडा, म्हणजे जांभ्याचं पठार, खाली वाडी, त्याच्याही खाली खाडी. एफएम सड्यावर गुरं राखणाऱ्याला लागेल, खाली पाखाडीत घर असलेल्याला नाही. घाटमाथ्यावरच्या सपाट जिल्ह्यांत एक एफएम मनोरा जेवढं काम करतो, तेवढ्याला इथे दर खाडीला एक लहान प्रक्षेपक लागेल.


देवगडचो:

आमच्याकडे रेडियो म्हटल्यार पणजी. रत्नागिरी दिवसाची लागायची, पण रातचा कायच धड ऐकाक येय नाय. मधीच हिंदीत कोणतरी बडबडा. आमचो आजो म्हणायचो, रत्नागिरीवाले रात्री दारवो पितत.

(बाकीच्यांसाठी मराठीत: पणजी लांब असूनही जास्त स्पष्ट का लागायची? आणि रात्री हिंदी कुठून यायचं?)


सडेकर:

@देवगडचो, आजोबांना सांगायला हवं होतं की रत्नागिरीवाले शुद्धीवर होते.

पणजीचं सोपं आहे. १२८७ किलोहर्ट्झवरचं ते केंद्र शंभर किलोवॅटचं, म्हणजे रत्नागिरीच्या पाचपट. आणि देवगड ते पणजी लहर बरीचशी पाण्याकाठानंच येते.

रात्रीची भानगड अशी. दिवसा वातावरणाचा वरचा एक थर मीडियम वेव्ह शोषून घेतो, म्हणून लांबची केंद्रं येत नाहीत. सूर्य मावळला की तो थर विरतो आणि लहरी त्याच्याही वरच्या थरावर आपटून शेकडो किलोमीटरवर उतरतात. ११४३ हीच लहर हरियाणातल्या रोहतक केंद्रालाही दिलेली होती, तीही वीस किलोवॅटचीच. दिवसा दोघांची गाठ पडत नाही. रात्री पडते. तुमचा हिंदीत बडबडणारा बहुधा रोहतकचा.

आता गंमत बघा. ट्रान्झिस्टरच्या आत एक काळी फेराइटची कांडी आडवी असते, त्यामुळे ट्रान्झिस्टर फिरवला की नको असलेलं केंद्र दाबता येतं. हव्या त्या केंद्राकडे रेडिओचं तोंड, नकोशा केंद्राकडे कड. पण देवगडहून रत्नागिरी उत्तरेला आणि रोहतकही जवळजवळ उत्तरेलाच. गुहागरवाल्याला रत्नागिरी दक्षिणेला, रोहतक उत्तरेला, म्हणजे पुन्हा तीच ओळ. आपला किनाराच उभा असल्यामुळे कितीही फिरवा, रोहतक काही मरायचं नाही.


देवगडचो:

म्हणून आजो रेडियो डोक्यार घेऊन अंगणभर फिरायचो तरी काय उपयोग होय नाय! आज कळला.


पेटीवाले काका:

खाडीपलीकडे यांनी भजनांचा विषय काढला म्हणून लिहितो. आमच्या भजनी मंडळाचं रत्नागिरी केंद्रावर ध्वनिमुद्रण झालं होतं. त्याआधीची गोष्ट आज कुणाला खरी वाटणार नाही: ऑल इंडिया रेडिओवर १९४० पासून पेटीला, म्हणजे हार्मोनियमला बंदी होती. परकी वाद्य, श्रुती धरत नाही, मींड निघत नाही, अशी कारणं. ही बंदी सैल व्हायला सत्तरचं दशक उजाडलं. आता सांगा, कोकणातलं भजन पेटीशिवाय कसं व्हायचं? डबलबारीत, म्हणजे दोन बुवांच्या भजनाच्या सामन्यात, बुवाच पेटीवर बसतो. पेटी काढून घेतली तर बुवानं हात कुठे ठेवायचे?

म्हणजे रत्नागिरीला केंद्र आलं तोवर तो जाच संपत आला होता, हे आमचं नशीब.

ध्वनिमुद्रणाचा दिवस सांगतो. गावात आम्ही रात्री दहाला बसायचो ते पहाटेपर्यंत. केंद्रात सांगितलं, इतक्या मिनिटांत गजर, अभंग, गौळण सगळं बसवा. काचेपलीकडे बसलेले गृहस्थ बोटांनी उरलेली मिनिटं दाखवत होते. आमचा पखवाजी डोळे मिटून वाजवणारा, त्याला ती बोटं दिसणार कशी? शेवटी मी पेटीवरून पाय लांब करून त्याच्या मांडीला टोचलं, तेव्हा कुठे तिहाई आली. टाळकऱ्यांना माइकपासून इतकं लांब बसवलं होतं की एकजण म्हणाला, "आम्हाला बाहेरच बसवा ना, चहा तरी मिळेल." भिंतीला भोकाभोकांचे फळे आणि खाली जाड गालिचा, त्यामुळे आवाज मेल्यासारखा वाटतो. आपलाच आवाज परत कानावर येत नाही. देवळात गाणाऱ्याला ते फार अवघड जातं. पण रेडिओवर लागलं तेव्हा एकेक टाळ सुटा ऐकू आला.

गायक-वादकांना बी, बी-हाय, ए, टॉप अशा श्रेणी असत. बी-हाय मिळालेला माणूस लग्नपत्रिकेतही 'आकाशवाणी मान्यताप्राप्त' असं छापायचा. छापणारच की!


घाटावरचा:

वाचायला मजा येतेय, पण एक स्पष्ट विचारू? हे सगळं स्मरणरंजन सोडलं तर आज मीडियम वेव्ह कोण ऐकतं? नव्या मोबाइलमध्ये मीडियम वेव्ह नाही, गाडीतल्या नव्या संचातही ती कमी होत चाललीय. वीस किलोवॅटच्या प्रक्षेपकाला वीज किती लागत असेल? वर देखभाल, सुटे भाग. त्यापेक्षा अ‍ॅपवर ऐका, आकाशवाणीचं आहे की. वादळाची सूचना थेट मोबाइलवर येते. सरकारनं पैसे कुठे घालायचे ते वापरावर ठरावं, आठवणींवर नको.


खाडीपलीकडे:

@घाटावरचा, प्रश्न रास्त आहे. विजेचा खर्च खरा आहे आणि देशभर जुने मीडियम वेव्ह प्रक्षेपक बंद होत आलेत, तेही खरं. २०२३ च्या एप्रिलमध्ये शंभर वॅटचे ९१ एफएम प्रक्षेपक एकदम सुरू केले, म्हणजे वारं कुठे वाहतंय ते दिसतंच. पण अ‍ॅप चालायला टॉवर लागतो आणि टॉवरला वीज. समुद्रात जरा बाहेर गेलं की तो टॉवरही नाही. दर्यावर्दी कुणी असेल तर त्यानंच बोलावं.


तांडेलाचा_पोर:

बोलतो. आमची होडी होती, आता भावाकडे आहे.

एक जून ते एकतीस जुलै मासेमारी बंद, तेव्हा वादळ आलं तर घरांचं नुकसान, माणसं दर्यात नसतात. धोका सुगीत, सप्टेंबर ते डिसेंबर. फयान चक्रीवादळ आलं ते ११ नोव्हेंबर २००९ ला, ऐन हंगामात. कितीतरी होड्या बाहेर होत्या. काही परत आल्याच नाहीत. त्यावर मी जास्त लिहीत नाही.

बंदरात बावटा लावतात, तीन नंबरचा लागला की कुणी बाहेर पडत नाही. पण जो आदल्या दिवशीच गेलाय त्याला बावटा दिसणार कसा? वायरलेस सगळ्यांकडे नव्हता, आणि त्याचाही पल्ला नजरेपुरताच. राहिला ट्रान्झिस्टर. आमच्याकडे तो प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून, तोंड रबरानं आवळून, केबिनच्या छताला टांगलेला असायचा. पिशवीतूनच बटण फिरवायचं. इंजिनाच्या आवाजात काही कळत नाही, म्हणून बातमीपत्राच्या वेळेला बाबा इंजिन बंद करायला लावायचे. डिझेलही वाचायचं. "दक्षिण कोकण किनाऱ्यावर वाऱ्याचा वेग ताशी इतके किलोमीटर, मच्छीमारांनी समुद्रात जाऊ नये" एवढं एक वाक्य ऐकायला सगळे खलाशी गप्प. ते झालं की लगेच कुणीतरी गाणी लावायचा.

वीस वाव खोलीच्या बाहेर गेल्यावर मुंबई, रत्नागिरी, पणजी तिन्ही लागायची. सडेकरांनी मिठाचं सांगितलं ते आज समजलं. आम्ही समजायचो, मध्ये झाडं नाहीत म्हणून.

आता भावाच्या होडीत जीपीएस आहे, फिश फाइंडर आहे, सगळं आहे. रेडिओ नाही. हवामान निघायच्या आधी मोबाइलवर बघतो. बाहेर गेल्यावर बदललं तर वायरलेसवर कुणी सांगेल तेव्हा.


चिपळूणकरीण:

३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ आलं तेव्हा मी माहेरी होते, दापोली तालुक्यात. पत्रे उडाले, माड-पोफळी आडव्या झाल्या, विजेचे खांब शेतात. वीज यायला काही गावांना आठवडे लागले. मोबाइल दुपारीच मेला होता. आमच्या शेजारच्या काकूंकडे जुना दोन सेलवाला रेडिओ निघाला, सेल घड्याळातले काढून घातले. वादळ पुढे कुठे गेलं, कुठले रस्ते बंद आहेत, हे त्याच्यावर कळलं. आकाशवाणीच्या मुंबई अस्मिता वाहिनीवर लावला होता, ५५८ किलोहर्ट्झवर.

पुढच्या वर्षी २२ जुलैला चिपळुणात पूर आला. तेव्हा माझ्या घरात रेडिओ होता, पण तो तळमजल्यावर, फ्रीजच्या वर. फ्रीजच तरंगत होता.

घाटावरचा, वापरावर पैसे ठरवायचे म्हणता, मग अग्निशमनाचा बंब रोज किती वापरतात ते मोजून ठेवाल का?


घाटावरचा:

बंबाचा मुद्दा मान्य. पण मग आणीबाणीपुरतं काहीतरी हलकं ठेवा. गावोगावी कम्युनिटी रेडिओ का नाही काढत? त्याला सरकारी केंद्राची वाट कशाला बघायची?


सडेकर:

कम्युनिटी रेडिओचा इतिहास तर आपल्या माणसापासून सुरू होतो. ध्वनिलहरी ही सरकारची नव्हे तर जनतेची मालमत्ता, हा सर्वोच्च न्यायालयाचा १९९५ चा निकाल, त्या खंडपीठावर न्यायमूर्ती पी. बी. सावंत होते. त्यानंतर २००२ मध्ये शिक्षणसंस्थांना आणि २००६ मध्ये स्वयंसेवी संस्थांना केंद्र काढायची मुभा मिळाली. म्हसवडचं माणदेशी तरंग वाहिनी त्यातूनच आलं.

पण नियम असा की प्रक्षेपक पन्नास वॅटचा, एरियलची उंची तीस मीटरपर्यंत. माणदेशात सपाटीवर पन्नास वॅट ठीक पोचतात. इथे पुन्हा तीच सडा-वाडीची गोष्ट. शिवाय बातम्या स्वतःच्या देता येत नाहीत, आकाशवाणीच्याच घ्याव्या लागतात. हवामान, वाहतूक, आपत्तीच्या सूचना चालतात. बंदरापुरतं, म्हणजे हर्णै किंवा मिरकरवाड्यासारख्या ठिकाणी टेकडीवर एरियल लावून केलं तर उपयोग होईल, समुद्राच्या बाजूला डोंगर नाही. पण नजरेच्या टप्प्यापुरतंच. तांडेलाचा पोर म्हणतो त्या वीस वावाच्या बाहेर त्याची खात्री नाही.


शेवटची_एसटी:

मी काही वर्षं नैमित्तिक उद्घोषिका म्हणून काम केलंय, कुठल्या केंद्रावर ते सांगत नाही. टेपबद्दल विचारलंय म्हणून लिहिते.

फार आशा ठेवू नका. स्पूल महाग असायची आणि आकाशवाणीच काय, जगभरातल्या केंद्रांत तीच टेप पुसून पुन्हा वापरायची रीत होती. कार्यक्रम प्रसारित झाला, क्यू शीट फाइलला लागली, स्पूल पुन्हा रॅकवर. फार मोठ्या माणसाची मुलाखत असेल तर 'जतन करावे' असा शेरा. गावच्या नमनमंडळाला तो शेरा कोण देणार? आपली आवडची पोस्टकार्डं तर पोत्यानं यायची. त्यांतली नावं वाचताना जीभ अडखळायची. एकाच कार्डावर वाडीतल्या सगळ्या पोरांची नावं, वर "आणि समस्त मित्रमंडळ". ड्यूटी ऑफिसर बजावायचे, पहिली पाच वाचा. आम्ही सहावं वाचलं की पुढच्या आठवड्यात त्याच वाडीतून दुप्पट कार्डं.

थोडक्यात, जे उरलंय ते केंद्रात कमी आणि लोकांच्या घरी जास्त असणार. ज्यांनी रेडिओसमोर टेपरेकॉर्डर धरून आपल्या मंडळाचं भजन भरून घेतलं, त्यांच्या कपाटात शोधा.


पेटीवाले काका:

आमचं आहे! मंडळाच्या पेटाऱ्यात कॅसेट आहे, जावयानं घरातल्या टू-इन-वनवर भरली होती. मध्ये कुकरची शिट्टी आहे, पण आहे. आत्ता काढून बघितली तर फितीवर पांढरं काहीतरी आलंय. पुसून लावू का?


सडेकर:

काका, थांबा, लावू नका! ती बुरशी आहे, आपल्या पावसाळ्यात येतेच. तशीच लावलीत तर हेडला चिकटेल आणि पुढची प्रत्येक कॅसेट खराब होईल, शिवाय फीत तुटेल. आधी डब्यात सिलिका जेलच्या पुड्या घालून काही दिवस कोरडी होऊ द्या. उन्हात ठेवू नका, फीत वाकते. मग कवच स्क्रूचं असेल तर उघडून फीत दुसऱ्या चांगल्या कवचात घालायची आणि मऊ सुक्या कापडातून हळूहळू ओढायची. हे घरी करू नका, मी करून देतो. संगणकावर उतरवताना पहिल्याच फेरीत पूर्ण भरून घ्यायचं, दुसरी संधी मिळेलच असं नाही. कुकरची शिट्टी काढून टाकायची नाही.

कुणाकडे स्पूल असेल तर खोक्यावर वेग लिहिलेला बघा, सेकंदाला साडेसात इंच की पंधरा. माझ्या डेकवर साडेसातच चालते.


खाडीपलीकडे:

काका, कॅसेटवर मंडळाचं नाव, गाव, बुवा, पखवाजी, टाळकरी, आठवतील ती सगळी नावं आजच एका कागदावर लिहून डब्यात टाका. आवाज उतरवता येईल, पण कोण गातंय ते फितीवर लिहिलेलं नसतं. गणपतीत मी येतोय रत्नागिरीला, वाटेत तुमच्याकडून घेऊन सडेकरांकडे पोचवतो.


पेटीवाले काका:

या. पण आरतीच्या आधी या, नंतर मी डबलबारीला जातो. आणि पखवाज्याचं नाव त्यालाच विचारून लिहितो. त्याला अजून वाटतं, मी त्या दिवशी लाथ मारली.